शिरोड्याचे मास्तर : कै. वि. स. खांडेकर

मोठा ग्रंथकार व्हावयाचें तर मोठ्या शहराचा आणि मोठ्या पदवीचा आधार हवा, अशी आपणां विद्यार्थ्यांची बहुधा समजूत असते. कै. विष्णु सखाराम खांडेकर यांचें चरित्र वाचल्यावर ती टिकत नाहीं.

त्यांचा जन्म सन १८९८ मध्यें सांगली येथें झाला. मूळचें नांव गणेश आत्माराम. पुढें दत्तविधान होऊन ते विष्णु सखाराम झाले. पितृछत्र बाळपणींच हरपलें. मॅट्रिक झाल्यावर ते पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजांत गेले खरे; परंतु तेथील शिक्षण अपुरेंच राहिलें. १९२० सालीं त्यांनी कोंकणांतील शिरोडें गांवीं शिक्षकाची नोकरी पत्करली आणि आयुष्याचीं उमेदीचीं अठरा वर्षें तेथेंच वेंचिलीं. त्या समुद्रकांठच्या गांवांत सृष्टीची शोभा अपार, पण घरोघरचें दारिद्र्यही तितकेंच. दिवसा मुलांना शिकवावें आणि उरल्या वेळांत लिहावें, असा त्यांचा क्रम होता. 'हृदयाची हांक' (१९३०), 'कांचनमृग' (१९३१), 'उल्का' व 'दोन ध्रुव' (१९३४) ह्या कादंबऱ्या याच काळांतल्या.

मराठी बोलपट त्या वेळीं बाल्यावस्थेंत होता, आणि अनेक सुशिक्षित त्याच्याकडे साशंक दृष्टीनें पाहात. तरीही कोल्हापुरच्या हंस पिक्चर्ससाठीं खांडेकरांनी 'छाया' (१९३६) ही कथा लिहिली; दिग्दर्शक होते मास्टर विनायक. आजारी पत्नीसाठीं चोरी करणारा कारकून आणि त्या कलंकाखालीं होरपळणारीं त्याचीं मुलें, हा तिचा विषय. पुस्तक विकत घेण्याची किंवा वाचण्याचीही ज्यांना सोय नव्हती, त्यांच्यापर्यंत गरिबांचें दुःख आतां पडद्यावरून पोहोंचलें. पुढें 'ज्वाला' (१९३८) ह्या बोलपटावर पुष्कळ द्रव्य खर्च झालें, परंतु तो लोकांना रुचला नाहीं. त्याच वर्षीं शाळा सोडून खांडेकर कोल्हापुरास राहावयास आले. एका अपयशानें लेखणी थांबली नाहीं. 'देवता' (१९३९) व 'अमृत' (१९४१) हे बोलपट त्यानंतरचे.

'क्रौंचवध' (१९४२) नंतर मात्र त्यांच्या हातून दीर्घकाळ नवी कादंबरी उतरली नाहीं. आतां ते संपले, असें कोणास वाटलें असतें तर नवल नव्हतें. परंतु १९५९ सालीं 'ययाति' प्रसिद्ध झाली. महाभारतांतील त्या राजाच्या रूपानें, उपभोगानें कधींच न शमणाऱ्या वासनेचें चित्र त्यांनी रेखाटलें. तिला १९६० चें साहित्य अकादमीचें पारितोषिक मिळालें; आणि पुढें १९७४ च्या ज्ञानपीठ पुरस्कारानें गौरविलेले ते पहिले मराठी साहित्यिक ठरले. उतारवयांत दृष्टि गेली, तरी इतरांकडून लिहवून घेऊन त्यांनी वाङ्मयसेवा चालूच ठेविली. २ सप्टेंबर १९७६ रोजीं त्यांचा देहान्त झाला.

बंधुभगिनींनो, पदवी, पैसा आणि शेवटीं दृष्टि, यांतलें एकेक त्यांना अंतरलें. पण शिरोड्याच्या शाळेंत जडलेली दीनदुबळ्यांविषयींची कळकळ कधींच अंतरली नाहीं. आपल्यापाशीं काय नाहीं हें मोजीत बसण्यापेक्षां, जें आहे तें कोणाच्या उपयोगीं पडेल हें पाहावें, एवढें जरी आपण या चरित्रापासून शिकलों तरी पुष्कळ झालें.