विठाईंचा यशवंत : देशाचे संरक्षणमंत्री

आपल्या अक्कलकोट रोड वसाहतीच्या नावापुढील ‘एमआयडीसी’ ही अक्षरे आपल्या जिभेवर इतकी रुळली आहेत की त्यांच्यामागे कोणाचा विचार उभा आहे, हे सहसा आपल्या मनात येत नाही. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची स्थापना १ ऑगस्ट १९६२ रोजी झाली. उद्योगधंदे एकट्या मुंबईत साठून न राहता जिल्ह्याजिल्ह्यांत जावेत, गावच्या मुलाला गावाजवळ काम मिळावे, हा त्यामागचा हेतू होता. त्या वेळी राज्याचे मुख्यमंत्री होते यशवंतराव बळवंतराव चव्हाण. पुढे चार महिनेही लोटले नाहीत तोच त्यांना हे मांडलेले घर दुसऱ्याच्या हाती सोपवून दिल्लीस जावे लागले. चीनकडून झालेल्या पराभवाने देश हादरला होता, आणि त्या हादरलेल्या देशाचे संरक्षणखाते त्यांच्याकडे आले होते.

संरक्षणखाते म्हटले की आपल्यापुढे तोफा, रणगाडे आणि विमाने उभी राहतात. पण भगिनींनो, यशवंतरावांनी हे खाते कसे सांभाळले हे वाचताना एखाद्या जाणत्या गृहिणीची आठवण होते. कोठीत काय आहे, काय संपले आहे, पुढच्या हंगामाला काय लागेल आणि घरातली माणसे एकमेकांशी बोलतात की नाही, या गोष्टींकडे त्यांनी आधी लक्ष दिले. ही दृष्टी त्यांच्या ठिकाणी कोठून आली, हे पाहावयाचे तर आरंभ त्यांच्या आईपासून केला पाहिजे.

यशवंतरावांचा जन्म १२ मार्च १९१३ रोजी देवराष्ट्रे या आजोळच्या गावी झाला. हे गाव तेव्हा सातारा जिल्ह्यात होते, आज सांगली जिल्ह्यात आहे. वडील बळवंतराव कोर्टात बेलिफ होते. यशवंत चार-पाच वर्षांचा असतानाच प्लेगने वडिलांना नेले. विठाईंच्या पदरी लहान मुले आणि हाताशी जवळजवळ काहीच नाही, अशी स्थिती होती. विठाईंना लिहिता-वाचता येत नव्हते. मात्र त्यांना ओव्या येत होत्या आणि जात्यावर बसून त्या मुलांना धीर देत असत. थोरले ज्ञानोबा आणि मधले गणपतराव यांनी लहान वयातच संसाराला खांदा दिला, म्हणून धाकट्याला कराडच्या टिळक हायस्कुलात शिकता आले.

१९३२ साली शाळकरी यशवंताने कराडला राष्ट्रध्वज फडकविला आणि त्याला अठरा महिन्यांची शिक्षा झाली. माफी लिहून दिली तर मुलगा सुटेल, असे विठाईंना सुचविण्यात आले. पोराच्या शिक्षणावर घराची सारी आशा होती. दुसऱ्या एखाद्या आईने डोळ्यांत पाणी आणून त्याला माफी मागावयास सांगितले असते आणि तिला कोणी नावे ठेवली नसती. विठाईंनी मात्र माफीची गोष्ट झिडकारली आणि मुलाला प्रकृतीची काळजी घ्यावयास सांगून त्या घरी परतल्या. यशवंतरावांनी पुढे ‘कृष्णाकाठ’ या आत्मचरित्रात आईचा हा कणखरपणा मोठ्या कृतज्ञतेने नोंदविला आहे. येरवड्याच्या तुरुंगात त्यांना ग्रंथांचा आणि वडीलधाऱ्या देशभक्तांचा सहवास लाभला. सुटून आल्यावर कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजातून ते १९३८ मध्ये पदवीधर झाले आणि पुण्यास कायद्याचा अभ्यास करून १९४१ मध्ये वकील झाले.

२ जून १९४२ रोजी फलटणच्या मोरे घराण्यातील वेणूताईंशी त्यांचा विवाह झाला. दोन महिन्यांतच ‘चले जाव’ची हाक आली आणि यशवंतराव भूमिगत झाले. पोलिसांना ते सापडेनात, तेव्हा त्यांचा राग घरच्यांवर निघाला. जानेवारी १९४३ मध्ये, लग्नानंतरच्या पहिल्या संक्रांतीच्या सुमारास, नव्या नवरीला हातांत हलव्याचे दागिने घालून मिरवावयाचे त्या दिवसांत, वेणूताईंना पोलिसांनी पकडून नेले. गणपतरावही तुरुंगात गेले. ज्ञानोबा त्याच काळात वारले. वेणूताईंची प्रकृती या धक्क्याने जी ढासळली ती पुढे कधीच पूर्ण सावरली नाही. आजारी पत्नीला भेटावयास यशवंतराव फलटणला गेले आणि तेथेच पकडले गेले. या दांपत्याला मूलबाळ झाले नाही. देशभक्तांच्या चरित्रांत अशा स्त्रियांना एखादी ओळ मिळते. येथे थोडे थांबून त्यांचे स्मरण करणे, हे महिला मंडळाच्या स्मरणिकेचे कर्तव्यच आहे.

१९४६ मध्ये यशवंतराव मुंबई विधानसभेत निवडून आले आणि १९५२ मध्ये मुंबई राज्याचे पुरवठामंत्री झाले. तो काळ रेशनचा आणि धान्यटंचाईचा होता. कोणत्या तालुक्यात किती पोती आहेत, ती वेळेवर कशी पोहोचतील, याचा हिशेब त्यांना रोज ठेवावा लागे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी ते द्वैभाषिक मुंबई राज्याचे मुख्यमंत्री झाले. संयुक्त महाराष्ट्राचे आंदोलन तेव्हा ऐन भरात होते. यशवंतराव काँग्रेसशी आणि पंडित नेहरूंशी निष्ठा ठेवून राहिले, याचा मराठी माणसाला राग आला. १९५७ च्या निवडणुकीत खुद्द कराडात ते थोडक्या मतांनी तरले. हा रोष त्यांनी मुकाट्याने सोसला, विरोधकांशी बोलणे तोडले नाही आणि द्वैभाषिक टिकणार नाही हे दिल्लीच्या गळी उतरविण्याचे काम आतून केले. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र झाला तेव्हा पहिले मुख्यमंत्रिपद त्यांच्याकडेच आले. गरीब पालकांच्या मुलांना फी-माफी, जिल्हा परिषदा, औद्योगिक वसाहती ही कामे त्यांच्याच कारकिर्दीतली. २३ जून १९६१ रोजी देशातील पहिली सैनिक शाळा साताऱ्यास निघाली, तीही याच काळात.

आता ज्या खात्यावर ते गेले त्याची थोडी हकीकत. इंग्रजी अमलात सैन्याचा सरसेनापती हाच सरकारातील लष्करी कारभाराचाही प्रमुख असे. लढणाराही तोच आणि खर्चाचा जाब देणाराही तोच. १९४६ च्या हंगामी सरकारात सरदार बलदेवसिंग यांच्याकडे संरक्षण आले आणि स्वातंत्र्यानंतर सेनेवर लोकांनी निवडलेल्या मंत्र्याचा अधिकार पक्का झाला. ही व्यवस्था चांगली होती. पण मंत्री आणि सेनानी यांचा परस्परांवर विश्वास असेल तरच ती चालते. १९५७ पासून कृष्ण मेनन संरक्षणमंत्री होते. ते बुद्धिमान होते, देशात शस्त्रे व्हावीत यासाठी त्यांनी खटपटही केली. परंतु वरिष्ठ सेनानींशी त्यांचे सूर जुळले नाहीत.

२० ऑक्टोबर १९६२ रोजी पहाटे चिनी सैन्य तुटून पडले. आपले जवान शौर्यात उणे नव्हते. उणी होती ती सामग्री. मैदानातून घाईने हिमालयात चढविलेल्या कित्येक तुकड्यांच्या अंगावर सुती गणवेश होते, पायांत कॅनव्हासचे बूट होते आणि हातांत जुन्या रायफली होत्या. चादरी आणि टॉवेल विणणाऱ्या सोलापूरकरांना हे वेगळे समजावून सांगावयास नको. आपल्या देशात कापडाला तोटा नव्हता. योग्य कापड योग्य वेळी योग्य माणसाच्या अंगावर गेले नव्हते.

मेनन यांना जावे लागले आणि नेहरूंनी मुंबईस यशवंतरावांना दूरध्वनी केला. ही गोष्ट कोणाशी बोलू नका असे पंडितजींनी बजावले, तेव्हा पत्नीशी तरी बोलावे लागेल असे यशवंतरावांनी सांगितले आणि पंडितजींनी ते मान्य केले, असे सांगतात. २१ नोव्हेंबर १९६२ रोजी त्यांनी संरक्षणमंत्रिपदाची सूत्रे घेतली. त्याच दिवशी चीनने एकतर्फी युद्धबंदी जाहीर केली. हिमालयाच्या हाकेला सह्याद्री धावला, असे महाराष्ट्रात अभिमानाने म्हटले जाऊ लागले. पुढे नाशिकहून ते लोकसभेवर बिनविरोध निवडून गेले.

तोफा थंडावल्या होत्या, पण खरे काम आता सुरू व्हावयाचे होते. हरलेल्या घरात पहिला आवाज उठतो तो दोष कोणाचा, याचा. यशवंतरावांनी तो आवाज चढू दिला नाही. नवे सरसेनापती जनरल जयंतनाथ चौधरी यांच्यामार्फत पराभवाच्या लष्करी कारणांची चौकशी झाली, आणि २ सप्टेंबर १९६३ रोजी यशवंतरावांनी तिचे सार लोकसभेपुढे ठेवले. डोंगरी लढाईचे शिक्षण अपुरे होते, सामग्री कमी होती, हुकूम देण्याच्या पद्धतीत दोष होते, हे त्यांनी मान्य केले. संपूर्ण अहवाल मात्र कोणत्याही सरकारने प्रसिद्ध केलेला नाही. त्यामुळे काही प्रश्न अनुत्तरित राहिले, हेही येथे नमूद केले पाहिजे.

मग दुरुस्ती सुरू झाली. तिन्ही दलांचे प्रमुख आणि खात्याचे सचिव यांची रोज सकाळी मंत्र्यांबरोबर बैठक होऊ लागली. गोष्ट लहान दिसते. पण ज्या घरात सकाळी एकमेकांना विचारपूस होते तेथे रुसवे साचत नाहीत, हा आपला सर्वांचा अनुभव आहे. सैन्य सवाआठ लाखांपर्यंत वाढवावयाचे ठरले, पर्वतात लढणाऱ्या खास डिव्हिजन उभ्या राहिल्या, तरुण अधिकाऱ्यांची तातडीने भरती झाली. संरक्षण-उत्पादनासाठी स्वतंत्र विभाग झाला. १९६४ मध्ये जळगाव जिल्ह्यात वरणगावला दारूगोळ्याचा कारखाना आला आणि नाशिकजवळ ओझरला मिग विमानांच्या कारखान्याचे काम सुरू झाले. संरक्षणासाठी पाच वर्षांची सलग योजना प्रथमच आखली गेली. शस्त्रसाहाय्यासाठी यशवंतराव अमेरिकेस गेले होते. तेथे असतानाच, २७ मे १९६४ रोजी, नेहरू गेल्याची वार्ता त्यांना कळली. त्याच वर्षी ते रशियासही जाऊन आले.

या तयारीची किंमत देशाने मोजली आणि तिचा मोठा वाटा घराघरांतून आला. १९६३-६४ च्या अंदाजपत्रकात संरक्षणासाठी ८६७ कोटी रुपये धरले होते. बायकांनी संरक्षण निधीत बांगड्या आणि अंगठ्या दिल्या, जवानांसाठी लोकरीचे स्वेटर विणले. जानेवारी १९६३ मध्ये सुवर्णनियंत्रण आले. नवे दागिने चौदा कॅरटचेच घडवावे लागले आणि हजारो सोनारांची चूल विझावयाची वेळ आली. रक्षणाचा खर्च कोणाच्या ताटातून निघतो, हे त्या पिढीतील स्त्रियांनी डोळ्यांनी पाहिले.

तीन वर्षांनी परीक्षेची घटका आली. ऑगस्ट १९६५ मध्ये काश्मिरात पाकिस्तानी घुसखोर शिरले. त्याच महिन्यात विठाईंनी डोळे मिटले. मातृशोक झालेल्या या मुलाला घरी बसून रडावयास फुरसत नव्हती. १ सप्टेंबर रोजी पाकिस्तानचे रणगाडे छांब भागात घुसले. दुपारी सेनाप्रमुख चौधरी आणि हवाईदलप्रमुख अर्जनसिंग यशवंतरावांपुढे आले आणि विमाने वापरण्याची परवानगी त्यांनी मागितली. १९६२ मध्ये लढाऊ विमाने वापरलीच गेली नव्हती. दिवस मावळावयास थोडा अवकाश होता. मंत्रिमंडळ बोलावीत बसले असते तर ती संध्याकाळ हातची गेली असती. यशवंतरावांनी काही मिनिटांत होकार दिला आणि जबाबदारी आपल्या शिरावर घेतली. विमाने पठाणकोटहून उडाली. त्या पहिल्याच संध्याकाळी आपली चार जुनी व्हॅम्पायर विमाने कामास आली. निर्णयाची ही किंमत त्यांनी सोसली, पण सेनानींवरचा विश्वास ढळू दिला नाही. ६ सप्टेंबरला आपले सैन्य लाहोरच्या दिशेने सरहद्द ओलांडून गेले. २३ सप्टेंबरला युद्ध थांबले. काश्मीर घेण्याचा बेत फसला होता आणि १९६२ मध्ये खचलेली मान पुन्हा ताठ झाली होती.

पंतप्रधान लालबहादूर शास्त्रींबरोबर यशवंतराव ताश्कंदलाही गेले. १० जानेवारी १९६६ रोजी करार झाला. रक्त सांडून घेतलेली हाजीपीरची खिंड परत द्यावी लागली, याचे अनेकांना दुःख झाले. त्याच रात्री शास्त्रीजींचे तेथे निधन झाले. १४ नोव्हेंबर १९६६ रोजी यशवंतराव गृहमंत्री झाले. नंतर अर्थ, परराष्ट्र ही खाती आणि १९७९ मध्ये काही महिने उपपंतप्रधानपद त्यांच्याकडे आले. पुढच्या राजकारणात त्यांचे काही निर्णय चुकले असे म्हणणारे पुष्कळ आहेत, आणि त्या पडत्या काळात त्यांना एकटेपणही आले. १ जून १९८३ रोजी वेणूताई गेल्या. एक्केचाळीस वर्षांची सोबत सुटली आणि हा माणूस आतून खचला. २५ नोव्हेंबर १९८४ रोजी दिल्लीत त्यांचा अंत झाला. कराडला, कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर, त्यांची समाधी आहे. त्यांचा ग्रंथसंग्रह कराडातील वेणूताईंच्या नावाच्या स्मारकात आहे.

काळ पुष्कळ पुढे गेला. निर्मला सीतारामन यांनी २०१७ ते २०१९ या काळात संरक्षणखाते सांभाळले. साताऱ्याच्या सैनिक शाळेत आणि खडकवासल्याच्या प्रबोधिनीत मुलींना प्रवेश मिळू लागला. प्रबोधिनीची पहिली मुलींची तुकडी मे २०२५ मध्ये बाहेर पडली. आपल्या वसाहतीतील मागांच्या खडखडाटात अभ्यास करणाऱ्या एखाद्या मुलीने उद्या त्या दारावर जाऊन थाप मारावी, असे कोणाला वाटणार नाही?

तशी मुलगी आपल्यापैकी कोणाच्या घरात निघाली, तर तिला लागेल तो धीर देण्याची पाळी आपली असेल. घरात पैसा नव्हता, वर कोणाचा हात नव्हता, अक्षरओळख नव्हती. तरी माफीचा कागद समोर आला तेव्हा विठाईंना काय करावे ते कळले. मंडळाच्या वर्धापनदिनी यशवंतरावांना वंदन करताना तो नमस्कार प्रथम त्या माउलीला पोहोचो.