सावेदादा : पहिल्या चित्रफितींचा धनी

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या हलत्या चित्रांचा खेळ झाला. प्रेक्षकांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा हे छायाचित्रकार होते. बाकीचे अचंबा करीत घरी परतले. सावेदादांनी मात्र इंग्लंडच्या रायली ब्रदर्सकडून २१ गिनींचा कॅमेरा मागवला.

१८९९ मध्ये हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या पैलवानांची कुस्ती लावून त्यांनी ती टिपली. फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागे आणि ती परत येईपर्यंत काय उमटले, हे कळण्याची सोय नव्हती. तरीही ते थांबले नाहीत. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजपे यांचे मुंबईतील स्वागत त्यांनी चित्रित केले. एका मराठी माणसाच्या यशाची बातमी दुसऱ्या मराठी माणसाने पडद्यावर आणली. १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांच्या कॅमेऱ्यात आला.

बातमी टिपण्याची ही धडपड जगभर सुरू होती. १५ फेब्रुवारी १८९८ रोजी हवाना बंदरात अमेरिकी युद्धनौका मेन स्फोटात बुडाली आणि २६० हून अधिक जणांचा बळी गेला. पुढच्याच महिन्यात की वेस्ट येथील त्यांच्या दफनाची मिरवणूक एडिसन कंपनीच्या कॅमेऱ्याने टिपली. मेनचे अवशेष वर काढून मार्च १९१२ मध्ये सन्मानाने पुन्हा समुद्रार्पण झाले, तेव्हाही कॅमेरे हजर होते. दफनाची ती दृश्ये आजही पाहता येतात, कारण स्वामित्वहक्कासाठी चित्रफिती कागदावर छापून वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये जमा करण्याची तिकडे पद्धत होती. आपल्याकडे तशी सोयच नव्हती. नायट्रेटची फिल्म मुळात ज्वालाग्राही, त्यात मुंबईची दमट हवा. सावेदादांचे काम नुसत्या नोंदींत उरले. परांजप्यांचे ते स्वागत आज पाहायला मिळत नाही. ही हानी सावेदादांच्या चाहत्यांपुरती नाही, शहराच्या स्मृतीची आहे.

१९०७ च्या सुमारास त्यांनी चित्रीकरण सोडले. पुढे व्हीटीसमोरच्या गेइटी थिएटरचे, म्हणजे नंतरच्या कॅपिटॉलचे, व्यवस्थापन त्यांनी पाहिले. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ मध्ये झळकला, तेव्हा हा माणूस कॅमेऱ्यामागून केव्हाच बाजूला झाला होता. मूकपट गेला, बोलपट आला, रंगही आले. सावेदादा १९५८ मध्ये निवर्तले, वयाच्या नव्वदीच्या उंबरठ्यावर.