विश्लेषण : एका लेखापालाने २१४ डोंगर हाताने कागदावर कसे उतरवले? कोण होते आल्फ्रेड वेनराइट?

इंग्लंडच्या वायव्य कोपऱ्यातील लेक डिस्ट्रिक्टमध्ये डोंगर चढणाऱ्यांच्या बोलण्यात एक शब्द हमखास येतो : ‘वेनराइट’. किती वेनराइट झाले, किती राहिले, असा हिशेब तिथे मांडला जातो. हे डोंगराचे नाव नाही, माणसाचे आहे. नगरपालिकेच्या लेखा विभागात नोकरी करणाऱ्या या माणसाने सुट्टीच्या दिवसांत एकट्याने २१४ डोंगर पालथे घातले आणि त्यांची सात पुस्तके स्वतःच्या अक्षरात लिहून काढली. त्यांना हवा होता एकांत. त्यांच्या पुस्तकांनी मात्र लाखो पावले त्याच वाटांवर आणली.

गिरणीच्या गावातून डोंगरांपर्यंत कसे पोहोचले?

आल्फ्रेड वेनराइट यांचा जन्म १७ जानेवारी १९०७ रोजी लँकेशायरमधील ब्लॅकबर्न येथे झाला. सूतगिरण्यांचे, धुराड्यांचे हे गाव. वडील दगडकाम करत, पण काम अनियमित आणि दारूचे व्यसन. घर आईच्या कष्टांवर चालले. वेनराइट वर्गात हुशार होते, तरी १३व्या वर्षी शाळा सुटली आणि नगरपालिकेच्या अभियंता कार्यालयात ते पोऱ्या म्हणून लागले. पुढे ते लेखा विभागात गेले. नोकरी सांभाळून, रात्री अभ्यास करून त्यांनी लेखापालाची पात्रता मिळवली.

१९३० मध्ये, वयाच्या २३व्या वर्षी, साठवलेल्या पैशांतून ते भावाच्या नात्यातल्या एरिक बिअर्डसॉलसोबत आठवडाभराच्या भटकंतीसाठी लेक डिस्ट्रिक्टला गेले. विंडरमियरला उतरून दोघे ऑरेस्ट हेड ही छोटी टेकडी चढले. टेकडी जेमतेम २३८ मीटरची, पण माथ्यावरून तळे आणि मागची डोंगररांग एकदम समोर येते. गिरणीच्या गावाबाहेर फारसे काही न पाहिलेल्या तरुणासाठी हा क्षण आयुष्याची दिशा बदलणारा ठरला. १९४१ मध्ये केंडल नगरपालिकेत जागा निघाली. पगार आधीपेक्षा कमी होता. तरीही त्यांनी ती घेतली, कारण केंडलहून डोंगर जवळ होते. १९४८ ते १९६७ या काळात ते तिथे मुख्य लेखाधिकारी होते.

१३ वर्षांचा प्रकल्प काय होता?

उत्तर इंग्लंडमध्ये डोंगराला ‘फेल’ म्हणतात. हा शब्द हजार वर्षांपूर्वी तिथे वसलेल्या नॉर्स लोकांच्या भाषेतून आला. वेनराइट यांनी लेक डिस्ट्रिक्टचे सात भाग पाडले, प्रत्येक भागाला एक पुस्तक ठरवले आणि ९ नोव्हेंबर १९५२ रोजी पहिले पान लिहायला घेतले. काम पूर्ण व्हायला सुमारे १३ वर्षे लागतील, हा हिशेबही आधीच मांडला होता. पहिले पुस्तक १९५५ मध्ये आले, सातवे १९६६ मध्ये.

त्यांना गाडी चालवता येत नव्हती. शनिवार-रविवारी केंडलहून बस धरायची, दिवसभर एकट्याने चालायचे, कॅमेऱ्याने फोटो काढायचे आणि शेवटच्या बसने परतायचे. मग आठवड्याच्या संध्याकाळी घरी बसून फोटो आणि नकाशांवरून शाईने चित्रे काढायची. मजकूरही हातानेच. छापील खिळे कुठेच नाहीत. सुरुवातीची सुमारे शंभर पाने तयार झाल्यावर ओळींची उजवी कड सरळ येत नाही, हे त्यांना खटकले. त्यांनी ती पाने बाजूला ठेवून काम पुन्हा पहिल्यापासून सुरू केले.

या पुस्तकांत वेगळे काय?

प्रत्येक डोंगराला स्वतंत्र प्रकरण आहे. आधी डोंगराची ओळख, मग नकाशा, मग प्रत्येक बाजूच्या गावातून चढण्याची वाट. ही वाट सपाट नकाशासारखी दिसत नाही. पायथ्याशी नकाशा असतो आणि तोच वर सरकत डोंगराच्या चित्रात मिसळतो. त्यामुळे ओढा कुठे ओलांडायचा, भिंतीला फाटक कुठे, कातळ कुठल्या बाजूने टाळायचा हे एका नजरेत कळते. शेवटी माथ्याचा आराखडा, तिथून दिसणारी शिखरे आणि शेजारच्या डोंगरावर नेणारी धार.

निवडीत उंचीचा कडक नियम नव्हता. ९७८ मीटर उंचीचे स्कॅफेल पाइक, म्हणजे इंग्लंडचे सर्वोच्च शिखर, यादीत आहे आणि जेमतेम २९० मीटरचे कॅसल क्रॅगही आहे. पहिल्या आवृत्तीच्या २,००० प्रतींचा छपाई खर्च सुमारे ९५० पौंड होता आणि वेनराइट यांच्याकडे होते अवघे ३५. स्थानिक मुद्रकाने उरलेली रक्कम विक्रीतून फेडण्याची सवलत दिली. पुस्तक खपले आणि कर्ज फिटले.

याची किंमत कोणी मोजली?

१९३१ मध्ये वेनराइट यांचा विवाह गिरणीत काम करणाऱ्या रूथ होल्डन यांच्याशी झाला. १९३३ मध्ये मुलगा पीटर झाला. पण संसार फार लवकर कोरडा झाला. सुट्टी डोंगरांची आणि संध्याकाळ चित्रांची, असे वर्षानुवर्षे चालले. १३ वर्षांच्या त्या शिस्तीचे आजही कौतुक होते, पण त्याच १३ वर्षांत घरात दोन माणसे एकमेकांशी फारसे न बोलता राहत होती. १९६७ मध्ये, वेनराइट निवृत्त होण्याच्या सुमारास, रूथ घर सोडून गेल्या. १९७० मध्ये वेनराइट यांनी बेटी मॅकनॅली यांच्याशी विवाह केला. पुढच्या पुस्तकांसाठी गाडी बेटी चालवत.

पैशांचे त्यांना आकर्षण नव्हते. पुस्तकांच्या मानधनाचा मोठा वाटा त्यांनी सोडून दिलेल्या प्राण्यांच्या निवाऱ्यासाठी दिला. केंडलजवळ असा निवारा त्यातून उभा राहिला.

गर्दीपासून दूर कुठे गेले?

साठच्या दशकाअखेर लेक डिस्ट्रिक्टच्या वाटा गजबजू लागल्या होत्या. वेनराइट यांनी मग केंडलच्या पूर्वेकडील हाउगिल फेल्सकडे मोर्चा वळवला. तिथल्या भटकंतीचे पुस्तक १९७२ मध्ये आले. हाउगिलचे डोंगर लेक डिस्ट्रिक्टसारखे कातळकड्यांचे नाहीत. प्राचीन स्लेट आणि वालुकामय खडकांचे हे गोलसर, गवताळ उंचवटे एकमेकांना खेटून उभे आहेत. सर्वोच्च माथा ‘द काफ’ ६७६ मीटरचा. पूर्व अंगाला कॉटली स्पाउट हा टप्प्याटप्प्याने कोसळणारा उंच धबधबा आहे. आसपासच्या डोंगरांवर शेकडो वर्षांच्या दगडी भिंतींचे जाळे आहे, पण इथली वरची जमीन सामाईक चराईची. तिथे मेंढ्या आणि अर्धवन्य घोडे चरतात आणि चालणाऱ्याला मैलोन्‌मैल अडथळा येत नाही.

विशेष म्हणजे पश्चिम पायथ्यालगतच एम-६ महामार्ग आणि लंडन-ग्लासगो लोहमार्ग जातो. असंख्य प्रवासी हे डोंगर खिडकीतून पाहतात आणि पुढे निघून जातात. त्यामुळेच इथली शांतता बरीचशी टिकली. या रांगेचा उत्तर भाग २०१६ मध्ये यॉर्कशायर डेल्स राष्ट्रीय उद्यानात सामील झाला.

एकांताचे काय झाले?

१९७३ मध्ये त्यांनी आयरिश समुद्राकाठच्या सेंट बीजपासून उत्तर समुद्राकाठच्या रॉबिन हूड्स बेपर्यंत सुमारे ३०० किलोमीटरची वाट आखली. ती तीन राष्ट्रीय उद्यानांतून जाते. २०२२ मध्ये तिला राष्ट्रीय पायवाटेचा दर्जा देण्याची घोषणा झाली. वाटेत कुणी दिसले की बोलणे टाळणारे वेनराइट ऐंशीच्या दशकात बीबीसीच्या मालिकेमुळे घरोघरी पोहोचले. १९८६ मध्ये जॉस नेलर या मेंढपाळ धावपटूने सर्व २१४ डोंगर सात दिवसांहून किंचित अधिक वेळात पूर्ण केले. पुस्तकांच्या २० लाखांहून अधिक प्रती खपल्या. लोकप्रिय डोंगरांवर इतकी झीज झाली की तिथे दगड बसवून पायवाटा बांधाव्या लागल्या. ही गर्दी एकट्या पुस्तकांनी आणली असे नाही. महामार्ग, मोटारी आणि वाढलेल्या सुट्ट्यांचाही त्यात वाटा आहे. पण वाट नेमकी दाखवली की ती फक्त स्वतःची राहत नाही, हे वेनराइट यांच्या वाट्याला आले.

अखेर कशी झाली?

ही पुस्तके त्यांनी मुळात स्वतःसाठी काढली होती. म्हातारपणी पाय थकले की पाने उलटून त्या वाटा पुन्हा चालता याव्यात, एवढाच हेतू. प्रत्यक्षात पायांच्या आधी डोळे गेले. अखेरच्या वर्षांत दृष्टी इतकी अधू झाली की स्वतःचे ते बारीक अक्षर वाचणेही अवघड झाले.

२० जानेवारी १९९१ रोजी, ८४व्या वाढदिवसानंतर तीन दिवसांनी, त्यांचे निधन झाले. त्यांच्या इच्छेनुसार बेटी यांनी मार्चमध्ये त्यांच्या अस्थी हेस्टॅक्स या ५९७ मीटरच्या डोंगरावर, इनॉमिनेट टार्न या छोट्या तळ्याकाठी विसर्जित केल्या. ‘इनॉमिनेट’ म्हणजे अनाम. २००५ ते २००९ दरम्यान सातही पुस्तकांच्या सुधारित आवृत्त्या निघाल्या. बदललेली फाटके, बुजलेल्या वाटा दुरुस्त झाल्या. हस्ताक्षराची धाटणी मात्र तशीच ठेवली आहे.