मायाचं बुडीत खातं

बँकेतल्या नोकरीत मी आयुष्यभर कर्जाचे अर्ज तपासले. तारण काय, जामीनदार कोण आणि पैसा नेमका कशाला हवा, हे तीन प्रश्न तोंडात बसलेले. माया डेरेन माझ्या टेबलासमोर आली असती, तर मी तिला पाच मिनिटांत वाटेला लावलं असतं.

जन्म १९१७ चा, कीव्हमधला. १९२२ मध्ये आईवडील अमेरिकेत आले. पुढे कॅथरीन डनहॅम या कृष्णवर्णीय नर्तिकेची चिटणीस म्हणून ती तिच्या नृत्यपथकाबरोबर हिंडली. १९४३ मध्ये वडील वारले. हाती आलेल्या पैशातून हिनं काय घ्यावं? सोळा मिलिमीटरचा जुना बोलेक्स कॅमेरा! त्याच वर्षी पती अलेक्झांडर हॅमिडबरोबर लॉस एंजेलिसच्या राहत्या घरात ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ केला. अवघी चौदा मिनिटं. किल्ली, सुरी, चेहऱ्याच्या जागी आरसा असलेली काळी आकृती आणि एकाच टेबलाभोवती बसलेल्या तीन माया. एका फिल्म सोसायटीत तो पाहिला तेव्हा मला फारसं काही कळलं नाही. रात्री झोप मात्र लागली नाही.

एलिओनोराची माया झाली तीही तेव्हाच. तिला संस्कृतातला भ्रम अभिप्रेत होता. आपल्याकडे गाठीच्या पैशालाही माया म्हणतात. ती तिच्यापाशी कधी टिकली नाही. चित्रपट दाखवायला कोणी पुढे येईना, तेव्हा १९४६ मध्ये न्यूयॉर्कचं प्रॉव्हिन्सटाऊन प्लेहाउस तिनं स्वतः भाड्यानं घेतलं. गर्दी लोटली. त्याच वर्षी चित्रपटासाठी गुगेनहाइम फेलोशिप मिळाली आणि १९४७ मध्ये ती हैतीला गेली.

तिथल्या वूडू विधींमध्ये देव भक्ताच्या अंगात येतो. आपण अशा माणसाला झाड म्हणतो, हैतीत त्याला देवाचा घोडा म्हणतात. नृत्य टिपायला गेलेली माया हळूहळू त्या विधींतच ओढली गेली. पुन्हा पुन्हा गेली, सुमारे अठरा हजार फूट फिल्म खर्ची घातली. आणि चित्रपट केलाच नाही! आपल्या मनातल्या रचनेसाठी त्या विधींची मोडतोड करणं तिला पटेना. १९५३ मध्ये आलं ते पुस्तक, ‘डिव्हाइन हॉर्समेन’. पैसा एका कामासाठी, खर्च दुसऱ्यावर. आमच्या तपासनिसानं याला लाल शेरा मारला असता. मीही मारला असता. पण ते पुस्तक वाचल्यावर माझा हात थबकतो. पाहुणी म्हणून गेलेल्या बाईनं यजमानाच्या देवघरात कात्री चालवायचं नाकारलं, एवढाच तो गैरव्यवहार.

स्वतः ओढगस्तीत असताना इतर प्रायोगिक चित्रपटकारांना मदत मिळावी म्हणून तिनं संस्थाही काढली. हे मात्र मला अजून झेपत नाही.

१३ ऑक्टोबर १९६१ रोजी मेंदूतल्या रक्तस्रावानं ती गेली. वय चव्वेचाळीस. तिसरा पती, संगीतकार तेईजी इतो, याच्याकडे हैतीची रिळं राहिली. पुढे त्यानं आणि त्याची नंतरची पत्नी शेरेल हिनं ती जुळवून चित्रपट पुरा केला, पुस्तकाचंच नाव देऊन. मायाची रक्षा जपानात, फुजी पर्वतावर विखुरली आहे.