कलामहर्षि बाबूराव पेंटर

आपल्या संमेलनांत नाटुकलें करावयाचें ठरलें म्हणजे मागें एक रंगविलेला पडदा सोडितात. त्यावर खांब व महिरपी काढिल्या कीं तो राजवाडा झाला, असें प्रेक्षक आनंदानें मानून घेतात. आपल्याकडील मूकपटांच्या आरंभींहि हीच रीत होती. ती ज्यानें मोडली तो पुरुष स्वतःच पडदे रंगविण्यांत अग्रगण्य होता, हें मोठें नवल होय.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ता. ३ जून १८९० रोजीं कोल्हापूर येथें झाला. चित्रकला व मूर्तिकला ते स्वतःच्या अभ्यासानें शिकले. १९१० ते १९१६ पर्यंत ते व त्यांचे नात्यानें बंधु आनंदराव यांनीं संगीत नाटक मंडळ्यांचे व गुजराती-पारशी कंपन्यांचे पडदे रंगविले, आणि लोक त्यांस ‘पेंटर’ याच नांवानें ओळखूं लागले. १९१३ सालीं दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ निघाला. तो पाहून या दोघांस चित्रपटाचें वेड लागलें. मुंबईच्या जुन्या बाजारांतून त्यांनीं चित्रें दाखविण्याचें यंत्र आणिलें व त्यावरून कॅमेरा घडविण्याचा उद्योग आरंभिला. परंतु १९१६ सालीं आनंदराव निवर्तले. पुढें विष्णुपंत दामले या शिष्याच्या साह्यानें बाबूरावांनीं १९१८ सालीं तो कॅमेरा सिद्धीस नेला.

त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ १९२० सालीं पुण्यास लागला. कीचकवधाचा प्रसंग इतका खरा भासला कीं प्रेक्षक भयभीत झाले, व तो भाग वगळावा लागला. लोकमान्य टिळकांनीं बाबूरावांस सुवर्णपदक व ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली.

आतां त्यांची खरी कामगिरी पाहूं. रंगभूमीवर पडदा शोभतो, कारण तेथें प्रकाश एका जागीं असतो व प्रेक्षक दूर असतो. त्या काळीं चित्रीकरण सूर्यप्रकाशांत होई. पडद्यावर रंगविलेली सावली एका बाजूस व उन्हाची सावली दुसऱ्या बाजूस, असा प्रकार होई; वारा आला कीं राजवाड्याची भिंतच हालूं लागे ! माणसाचा डोळा हें क्षमा करील, कॅमेऱ्याचा करणार नाहीं. म्हणून बाबूरावांनीं पडदा काढून टाकिला, आणि ज्यांत पात्रांस हिंडतां-फिरतां येईल, जेथें खरोखरच कोणी राहत असेल असें वाटावें, अशीं भरीव स्थळें उभारलीं. पात्रांचे पोषाख व हालचाली ते आधीं कागदावर रेखाटीत. १९२३ च्या ‘सिंहगड’ चित्रपटांत त्यांनीं कृत्रिम प्रकाश योजिला. चित्रपटाचीं भित्तिपत्रकेंहि ते स्वतःच रंगवीत.

या कलेचा कळस मात्र राजवाड्यांत झाला नाहीं, तर झोपडींत झाला. १९२५ सालीं त्यांनीं नारायण हरि आपटे यांच्या कथेवरून ‘सावकारी पाश’ काढिला. कर्जापायीं जमीन गमावून शहरांतील गिरणीकडे जाणारा शेतकरी हा त्याचा नायक. ती भूमिका व्ही. शांताराम यांनीं केली. अंधुक प्रकाशांतील ती दरिद्री झोपडी पाहणारांच्या चिरकाल स्मरणांत राहिली. दुष्काळ आणि कर्ज यांचें दुःख आपल्या बीडकडील वाचकांस समजावून सांगावयास नको. पण त्या वेळच्या प्रेक्षकांस देवांचे चमत्कार व राजांचे पोषाख हवे होते. चित्रपट चालला नाहीं. बाबूरावांस पुन्हा मुगुट व पितांबर यांकडे वळावें लागलें. माझ्या मतें हा त्यांचा पराभव नव्हे, प्रेक्षकांचा होय.

१९२९ सालीं शांताराम, दामले, फत्तेलाल व धायबर हे त्यांच्या हाताखालीं तयार झालेले लोक बाहेर पडले व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनीं प्रभात कंपनी स्थापिली. तेथील भव्य देखावे फत्तेलाल यांनीं सजविले. ती दृष्टि त्यांस बाबूरावांजवळच लाभली होती. गुरूची कंपनी मात्र लवकरच बंद पडली. बोलपट आल्यावर बाबूरावांनीं ‘उषा’, ‘प्रतिभा’ असे थोडेच चित्रपट केले. १९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’ साठीं त्यांस पाचारण करणारे शांताराम हे त्यांचेच जुने शिष्य होते. ता. १६ जानेवारी १९५४ रोजीं त्यांचें देहावसान झालें. त्यांचे बहुतेक मूकपट आज उपलब्ध नाहींत.