डॅनिअल जोन्स आणि मानस्वरांची संकल्पना

संवृत-विवृत हा स्वरभेद आपल्या शिक्षाग्रंथांना परिचित होता. तथापि जिभेच्या उंचीला कोणत्याही भाषेच्या स्वरांना लावता येईल असे माप देण्याचा विसाव्या शतकातील सर्वांत प्रभावी प्रयत्न डॅनिअल जोन्स (१८८१-१९६७) यांचा होय.

लंडन येथे जन्मलेल्या जोन्स यांनी केंब्रिज येथे गणिताचे अध्ययन केले. १९०७ मध्ये ते बॅरिस्टर झाले. परंतु वकिली त्यांनी केली नाही. पॅरिस येथे पॉल पासी यांच्याजवळ स्वनविज्ञानाचे धडे घेऊन १९०७ पासूनच ते लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात हा विषय शिकवू लागले. तेथे १९२१ ते १९४९ या काळात ते प्राध्यापक होते. सॉल प्लाटिए यांच्यासह त्यांनी १९१६ मध्ये सेत्स्वाना भाषेची वाचनमाला सिद्ध केली. अशा अपरिचित भाषांचे स्वर परिचित शब्दांच्या आधारे सांगणे फसवे ठरते, कारण त्या शब्दांचा उच्चारही बोलीगणिक पालटतो. भाषानिरपेक्ष प्रमाणाची गरज येथेच उद्भवते.

या गरजेतून मानस्वर आले. घर्षण होऊ न देता जीभ पुढच्या बाजूस जास्तीत जास्त उंच नेली की पहिला मानस्वर मिळतो. ती शक्य तितकी खाली व मागे घेतली की पाचवा. उरलेले स्वर या दोन टोकांच्या आधारे, कानाला सारख्या वाटणाऱ्या अंतरांवर बसविलेले आहेत. संवृत, अर्धसंवृत, अर्धविवृत आणि विवृत या चार पायऱ्या अशा ठरल्या. जिभेवर शिशाची बारीक साखळी ठेवून घेतलेली चार टोकांच्या स्वरांची क्ष-किरण छायाचित्रे जोन्स यांनी आधारास दिली.

वादाचे मूळही येथेच आहे. दोन टोके जिभेने ठरतात, मधल्या पायऱ्या मात्र कानाने. मग आकृतीतील उंची जिभेची मानावी की ध्वनीची? जी. ऑस्कर रसेल यांनी १९२८ मध्ये क्ष-किरणांच्या आधारे जिभेच्या उंचीच्या पारंपरिक कल्पनेवरच आक्षेप घेतला. पुढे ध्वनिमापनाने असे दिसले की, जीभ खाली येते तसतशी स्वराच्या पहिल्या अनुनादाची वारंवारता सामान्यतः वाढते. आणि स्वरांच्या पारंपरिक उंचीशी जिभेच्या प्रत्यक्ष स्थानापेक्षा ही वारंवारता अधिक नेमकी जुळते. पीटर लॅडफोगेड यांनी १९६७ मध्ये, म्हणजे जोन्स यांच्या मृत्यूच्याच वर्षी, या प्रश्नाची प्रायोगिक चिकित्सा प्रसिद्ध केली.

या चिकित्सेने मानस्वर बाद झाले नाहीत. त्यांचे स्वरूप स्पष्ट झाले. ते वर्णनावरून नव्हे, गुरुमुखातून शिकावयाचे असतात. जोन्स यांनी ते वेळोवेळी ध्वनिमुद्रित केले ते यासाठीच. स्वरतक्त्यातील उंची हे शरीराचे मोजमाप नसून प्रशिक्षित कानाचा निर्णय आहे, हे बोलींचे सर्वेक्षण करणाऱ्या अभ्यासकाने विसरता कामा नये.