चष्म्यांच्या गावाचे गोझाएमोन

रात्री मेसमध्ये जेवायला बसलेल्यांकडे एकदा सहज नजर टाका. निम्म्याहून जास्त पोरांच्या नाकावर चष्मा असतो. काहींची काडी फेविक्विकने चिकटवलेली, काहींची तारेने बांधलेली. पण ही फ्रेम बनवतं कोण, असा प्रश्न कुणाला पडत नाही. मला तो पडला एका असाइनमेंटमुळे. टायटॅनियमला डाख देणं म्हणजे ब्रेझिंग करणं इतकं अवघड का, यावर चार पानं लिहायची होती. त्यासाठी शोधाशोध करताना जपानमधल्या साबाए नावाच्या एका छोट्या शहरापाशी पोचलो, आणि तिथून मागे मागे जात एका माणसापाशी. असाइनमेंटचे मार्क कधीच मिळून गेले, हा माणूस मात्र डोक्यातून जाईना. म्हणून हा लेख.

त्यांचं नाव मासुनागा गोझाएमोन. मासुनागा हे आडनाव. जपानी लोक ते आधी लावतात. जन्म १८७१ चा, म्हणजे ज्या वर्षी जपानमधली जुनी संस्थानं खालसा झाली त्याच वर्षाचा. गाव शोनो, फुकुई प्रांतातलं. आज ते फुकुई शहराच्या हद्दीत मोडतं आणि साबाए त्याला अगदी लागून आहे. घराणं जमीनदार, गावात मान. तरुणपणीच ते पंचायतीच्या कारभारात आले. आपल्याकडे असते तर पाटील म्हणून ओळखले गेले असते, आणि पोरंटोरं अण्णा म्हणाली असती.

पण हा भाग म्हणजे जपानचा बर्फाचा पट्टा. हिवाळ्यात सैबेरियाकडून येणारा वारा समुद्रावरून बाष्प उचलतो आणि डोंगराला आपटला की सगळं बर्फ होऊन खाली. भाताचं एक पीक निघालं की शेतं बर्फाखाली गाडली जातात. मग माणसांनी घरात बसून करायचं काय आणि खायचं काय? १८९६ साली फुकुईपर्यंत रेल्वे आली तेव्हा लोकांना वाटलं असेल की आता भरभराट होणार. पण रेल्वे माल आणते तशी माणसंही घेऊन जाते. धडधाकट पोरं ओसाकाकडे निघायला लागली. मराठवाड्यातून, कोकणातून आलेल्या आपल्या होस्टेलच्या मित्रांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

गोझाएमोननी आधी जे केलं ते चारचौघांसारखंच होतं. फुकुई तेव्हा हाबुताए नावाच्या तलम रेशमी कापडासाठी प्रसिद्ध होतं, परदेशात जायचं ते. त्यांनीही गावात विणकाम सुरू करून पाहिलं. टिकलं नाही. इथेच बहुतेक माणसं थांबतात, आणि थांबली तर त्यांना कुणी नावं ठेवत नाही.

त्यांचा धाकटा भाऊ कोहाची ओसाकाला होता. शहरात काय खपतंय हे तो रोज डोळ्यांनी बघत होता. चष्मे बनवायची कल्पना त्याची. आज ऐकताना ती साधी वाटते, पण तेव्हा बर्फात गाडलेल्या एका खेड्यात, जिथे चष्मा लावलेला माणूस दिसणं मुश्किल, तिथे चष्म्याचा कारखाना काढायचा म्हणजे चेष्टाच. तरी कोहाचीचं गणित पक्कं होतं. जपानमध्ये शाळा वाढल्या होत्या, वर्तमानपत्रं वाढली होती. १९०४ साली रशियाशी युद्ध पेटलं आणि आघाडीच्या बातम्या वाचायला लोकांची झुंबड उडायला लागली. वाचणारे वाढले की चष्मे लागणारच. शिवाय या धंद्याला मोठी यंत्रं नकोत, नदीचं पाणी नको, गोदाम नको. मूठभर पितळेतून फ्रेम होते, घरात बसून बनवता येते, आणि शेकडो फ्रेमा एका पेटीत भरून रेल्वेत टाकता येतात. बर्फाळ गावासाठी प्रॉडक्ट निवडायचं तर याहून चांगलं निवडणं कठीण. आपल्याकडे प्रॉडक्ट सिलेक्शनचं एक अख्खं युनिट असतं, त्यात हे उदाहरण घालायला हरकत नाही.

(कंसात एक गंमत. जपानमध्ये पहिला चष्मा आला त्याचा धागा गोव्याशी जुळतो. संत फ्रान्सिस झेवियर १५४९ मध्ये गोव्याहून निघून जपानला पोचले, आणि १५५१ मध्ये यामागुचीच्या सरदाराला दिलेल्या भेटवस्तूंत चष्मा होता असं सांगतात. ज्यांचं शव जुन्या गोव्याच्या चर्चमध्ये आहे तेच हे झेवियर.)

१९०५ साली काम सुरू झालं. भांडवल गोझाएमोन यांचं आणि जोखीमही त्यांचीच. ओसाकाहून योनेदा योहाची नावाच्या कारागिराला शिकवायला आणलं. शिकणाऱ्यांत गावचा सुतार होता, मासुनागा सुएकिची, आणि काही तरुण पोरं. सुताराला घेणं मला फार हुशारीचं वाटतं. ज्याचा हात मापाला बसलेला आहे त्याला लाकूड सोडून पितळ द्या, महिन्याभरात तो शिकेल. ज्याला मापच कळत नाही त्याला पितळ काय आणि सोनं काय!

वर्कशॉपमध्ये कानस चालवलेल्या प्रत्येकाला या कामाचा त्रास कळेल. तार ओढायची, तिला भिंग बसण्यापुरती खाच पाडायची, गोल वळवायची. दोन्ही गोल तंतोतंत सारखे. मग मधला पूल आणि बाजूचे कान डाख देऊन जोडायचे, बिजागरी बसवायची, काड्या बसवायच्या, कानस, पॉलिश. डाख देताना उष्णता जरा जास्त झाली की वळवलेली तार नरम पडते आणि आधीची सगळी मेहनत पाण्यात. आणि चष्मा ही वस्तू अशी की अर्धा मिलिमीटर वाकडी झाली तर नाकावर लगेच कळतं. आपल्या जॉबसारखं सरांच्या नजरेतून सुटणं नाही.

पितळेच्या स्वस्त फ्रेमांवर गाव फार दिवस जगणार नाही हे दोघा भावांच्या लवकर लक्षात आलं. तशा फ्रेमा ओसाकात कुणीही बनवत होतं. म्हणून पुढे टोकियोहून तोयोशिमा मात्सुतारो या नावाजलेल्या कारागिराला बोलावलं आणि काम वरच्या दर्जाच्या धातूंकडे वळवलं. १९११ मध्ये त्यांच्या फ्रेमला प्रदर्शनात पहिल्या दर्जाचं बक्षीस मिळालं. सहा वर्षांपूर्वी ज्या गावात चष्म्याचा एक स्क्रू बनत नव्हता, त्या गावासाठी ही मजल मोठीच.

आता खरी गोष्ट. गोझाएमोननी कारखाना उभा केला म्हणून ते मोठे, असं मी म्हणत नाही. कारखाने पुष्कळांनी काढले. त्यांनी माणसांची जी रचना केली ती बघा. तिला 'चोबा' पद्धत म्हणतात. कामगारांचे गट पाडले. प्रत्येक गटाला एक मुख्य कारागीर आणि त्याच्या हाताखाली शिकाऊ पोरं. गट स्वतःचं काम घेणार, स्वतःचा हिशोब ठेवणार, स्वतःच्या मालाच्या दर्जाला जबाबदार राहणार. एकाच छपराखाली चार-पाच छोटे कारखाने असावेत आणि त्यांची आपसात चुरस लागावी, तसं ते होतं. आपल्याच आळीतल्या माणसाची फ्रेम आपल्यापेक्षा सरस निघाली तर रात्री झोप कशी लागणार? दर्जा आपोआप वर जातो, वर मुकादम उभा करावा लागत नाही.

शिवाय शिकाऊ पोरांसाठी रात्रीची शाळा होती. दिवसा कानस, रात्री लिहिणं-वाचणं आणि हिशोब. हिशोब कशाला शिकवायचा? नुसता मजूर हवा असेल तर त्याला हिशोब न आलेलाच बरा, हा जगभरच्या मालकांचा अनुभव आहे. हिशोब त्यालाच लागतो ज्याला उद्या स्वतःचं दुकान थाटायचं आहे. आणि तसंच झालं. तयार झालेले कारागीर बाहेर पडले, आपापल्या घरी बाक टाकून बसले, शेजारच्या गावांत गेले, साबाएकडे गेले. त्यांनी आणखी पोरं शिकवली.

आमच्या रूमवर यावर बराच वाद झाला. एका मित्राचं म्हणणं असं की हा माणूस धंद्यात कच्चा. स्वतःच्या पैशाने माणसं शिकवायची आणि मग तीच आपली प्रतिस्पर्धी होऊ द्यायची! आजकालच्या कंपन्या बाँड लिहून घेतात ते काय उगाच? ताळेबंदापुरतं बघितलं तर त्याचं बरोबर आहे. पण गोझाएमोन यांचा हिशोब मला गावाचा दिसतो. एका कारखान्यात फार तर शे-दोनशे माणसं मावतात, आणि बर्फ सगळ्या गावांवर पडतो. त्यांच्या कंपनीत एक जुना नियम अजून सांगतात. चष्मा चांगला बनवायचा; जमलं तर नफा घ्यावा, नाइलाज असेल तर तोटाही सोसावा, पण चष्मा चांगलाच असला पाहिजे, असा त्याचा आशय. असे नियम भिंतीवर लावायला सगळेच लावतात. इथे फरक एवढाच की ती कंपनी १९०५ पासून आजही फुकुईत चष्मेच बनवते. २००८ च्या अमेरिकन निवडणुकीत सारा पेलिन यांच्या चष्म्याची जगभर चर्चा झाली, ती फ्रेम या कंपनीतलीच.

गोझाएमोन १९३८ साली वारले. साबाएचं पुढचं रूप त्यांनी पाहिलं नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर मागणी वाढली आणि धंद्याचं केंद्र साबाएला सरकलं. तिथे एक अजब कामवाटणी तयार झाली. कुणी फक्त बिजागरी बनवतो, कुणी फक्त स्क्रू, कुणी फक्त मुलामा देतो, कुणी फक्त पॉलिश. एक फ्रेम दोनशेहून जास्त टप्प्यांतून जाते आणि ते टप्पे साऱ्या गावात विखुरलेले. चोबाच्या छपराखालचे गटच जणू घराघरांत जाऊन बसले. आज जपानमध्ये बनणाऱ्या फ्रेमांपैकी नव्वद टक्क्यांहून जास्त या भागात बनतात.

माझ्या असाइनमेंटचं टायटॅनियम इथे येतं. घनता साधारण ४.५, पोलादाची ७.८ च्या आसपास. घामाने गंजत नाही, कातडीला खाज आणत नाही. चष्म्यासाठी याहून चांगला धातू कुठला? पण तापवलं की ते हवेतला ऑक्सिजन आणि नायट्रोजन पिऊन ठिसूळ होतं. म्हणून जोडणी आरगॉन वायूत किंवा निर्वातात करावी लागते. तार ओढताना साच्याला चिकटतं ते वेगळंच. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला साबाएवाल्यांनी हे जमवलं आणि टायटॅनियमच्या फ्रेमा बाजारात आणल्या. एकट्या कंपनीला ते जड गेलं असतं. जोडणीवाला, मुलामावाला, पॉलिशवाला सगळे हाकेच्या अंतरावर होते.

मग घसरगुंडी लागली. १९९० च्या दशकात चीनमधून स्वस्त माल यायला लागला. २००१ साली झॉफ आणि जिन्स या दोन दुकानसाखळ्या सुरू झाल्या. झॉफने तर ५,०००, ७,००० आणि ९,००० येन अशा तीनच किमती ठेवल्या, त्याही लेन्ससकट. पूर्वी फ्रेमचे वेगळे, लेन्सचे वेगळे असं करत बिल याच्या कितीतरी पट व्हायचं. गिऱ्हाइकाचा फायदा झाला हे कबूल केलंच पाहिजे. एकच चष्मा वर्षानुवर्षं ओढणारा जपानी माणूस कपड्यांसारखे दोन-तीन चष्मे ठेवायला लागला. २०११ मध्ये जिन्सने कॉम्प्युटरसमोर बसणाऱ्यांसाठी चष्मा काढला आणि नंबर नसलेल्यांनाही गिऱ्हाईक करून टाकलं. २०२२ साली ओनडेज ही जपानी साखळी आपल्या लेन्सकार्टने ताब्यात घेतली. जपानी चष्म्याच्या दुकानाचा मालक भारतीय! हे कोहाचीच्याही गणितात नसेल.

साबाएमधले कित्येक छोटे कारखाने या काळात बंद पडले. जे टिकले त्यांनी महागड्या मालाची वाट धरली. २००३ मध्ये तिथल्या संघटनेने स्वतःचा ब्रँड काढला, २९१ नावाचा. जपानी आकडे वाचले की 'फु-कु-इ' असा उच्चार होतो. तोपर्यंत हे लोक जगातल्या बड्या ब्रँडांना माल पुरवायचे आणि काडीवर नाव दुसऱ्याचं असायचं. २०१८ साली इटलीच्या लक्झोटिकाने फुकुईतल्या एका उत्पादक कंपनीत मोठा हिस्सा घेतला. हातातलं कसब अजून विकत घेण्यासारखं आहे, हे त्यातून कळतं. ते कसब कुणाच्या हातात जाणार, हे मात्र त्यातून कळत नाही.

कारण आता अडचण चीनपेक्षा वयाची आहे. घरच्या बाकावर बसून एकच टप्पा करणारे कारागीर म्हातारे झाले आणि मुलं टोकियोला. दोनशे टप्प्यांच्या साखळीत मुलामा देणारं एक दुकान बंद पडलं की त्याच्या पुढच्या सगळ्यांचं काम अडतं. जी रचना सत्तर-ऐंशी वर्षं ताकद होती तीच अशी नाजूक ठरली. गोझाएमोन यांच्या वेळी गावात माणसं होती आणि काम नव्हतं. आज काम आहे, साबाएचं नाव जगभर आहे, आणि बाकावर बसायला माणूस हवा आहे. त्यासाठी काही कंपन्यांनी बाहेरगावची तरुण पोरं-पोरी बोलावून त्यांना सगळे टप्पे शिकवायला सुरुवात केली आहे. एका टप्प्याचा उस्ताद व्हायला आयुष्य लागायचं, तिथे ही मंडळी अख्खी फ्रेम एकहाती करायला शिकतायत.

२०२३ मध्ये जपानमध्ये या दोघा भावांवर आणि गोझाएमोन यांच्या पत्नी मुमे यांच्यावर सिनेमा आला, 'ओशोरिन' नावाचा. फुकुईच्या बोलीत ओशोरिन म्हणजे थंडीच्या अखेरीस घट्ट गोठलेला बर्फ. त्यावरून बांध-वाटा न बघता शेतातून सरळ चालत जाता येतं. सबटायटल्ससकट कुणाला मिळाला तर मला रूमवर येऊन सांगा. सी विंग, दुसरा मजला.